तुम्ही विचारलंत म्हणून: सोमवारचे ठिपके

"ताई, एवढ्या गर्दीत तुम्ही शांत कशा राहता?" मालवणला आमच्या घरगुती खाणावळीत मे महिन्यात हा प्रश्न हमखास येतो. हातात आमटीचं भांडं असताना उत्तर देता येत नाही, म्हणून आज लिहिते.

गर्दीत मी शांत असते हे खरं आहे. पण मी शांत बाई नाही. माझा राग वेगळ्या जागी असतो, आणि ती जागा मला वयाच्या ५२ व्या वर्षी सापडली.

सापडली ती सासऱ्यांच्या कॅलेंडरमुळे. त्यांनी जन्मभर मासेमारी केली. प्रत्येक चौकटीत ते भरतीची वेळ लिहायचे. नजर गेल्यावर ते काम माझ्याकडे आलं. हिशेब त्यांनीच शिकवला: तिथीची पाऊणपट. चतुर्थीला चारची पाऊणपट तीन, म्हणजे भरती तीनच्या सुमारास, दुपारी आणि पहाटेही. एकादशीला सव्वाआठ. वद्य पक्षातही तेच. चंद्र रोज साधारण ५० मिनिटं उशिरा उगवतो, त्याच्यामागून भरतीही सरकते. पौर्णिमा-अमावास्येला उधाण, अष्टमीच्या सुमाराला भांग, म्हणजे लहान भरती. उधाण आहे असं दिसलं की सासरे आदल्या संध्याकाळीच होडी वर ओढायला लावत.

एका सोमवारी मी कामाला येणाऱ्या मावशींवर ओरडले. सोलकढीत मीठ जास्त झालं होतं, एवढंच. त्या काही बोलल्या नाहीत, पदराला हात पुसून परसात गेल्या. माझ्यापेक्षा १० वर्षांनी मोठी बाई. संध्याकाळी भरतीची वेळ लिहिताना मी त्या चौकटीत एक ठिपका दिला. मग ज्या दिवशी आवाज चढला, त्या दिवशी ठिपका.

मला वाटलं होतं, ठिपके सुट्ट्यांच्या गर्दीत पडतील. तीन महिन्यांनी पानं उलटली, तर गर्दीचे दिवस कोरे होते. ठिपके बहुतेक सोमवारी.

सोमवारी काय असतं? रविवारी पाहुणे गेलेले असतात, खोल्या रिकाम्या. आणि मी चहाबरोबर फोन उघडून बसते, कोणी आपल्याबद्दल काय लिहिलंय ते बघायला. कोणी लिहितं, "जेवण ठीक". त्या "ठीक"चा राग मी मावशींच्या मिठावर काढत होते. गर्दीत मी शांत का, तेही मग कळलं: तेव्हा समोर बसलेला माणूस "वा!" म्हणत असतो. मला कौतुकाची भूक आहे. लहानपणापासून असावी, पाच भावंडांत धाकटी होते. पण त्या कारणात मी फार शिरले नाही. भूक आहे हे मान्य करायलाच मला आठवडा लागला, आणि तो आठवडा वाईट गेला. आपण कामाच्या ताणामुळे चिडतो, हे समजणं किती सोयीचं होतं.

आता सोमवारी फोन दुपारी जेवणं होईपर्यंत तांदळाच्या डब्यात असतो. राग गेलेला नाही. गेल्या महिन्यात दोन ठिपके आहेत, त्यातला एक मुलावर. पण कधी येणार ते आधी ठाऊक असतं, आणि मी तेवढा वेळ नारळ खवायला बसते.

मावशींना मी हे सगळं सांगितलं, माफीही मागितली. त्यांनी ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "माका ठावक आसा गो बाय. म्हणान तर सोमवारी मी भांडी भायर घासतंय."

मला तीन महिने आणि एक कॅलेंडर लागलं, ते त्यांना कधीपासून माहीत होतं, हे विचारायचा धीर मला झाला नाही. त्या अजूनही सोमवारी भांडी बाहेरच, माडाखाली घासतात. आत या, असं मी अजून म्हटलेलं नाही. त्यांना वाटेल तेव्हा येतील.