वाचणारा एक, वळणारे शंभर

पायी फिरवून गाव दाखवणाऱ्या सहलींचा एक ठरलेला मंत्र असतो : ‘इथे पूर्वी होतं.’ इथे पूर्वी बेकरी होती, इथे पूर्वी जुगाराचा अड्डा होता, इथे पूर्वी एक बाई राहायची जिने एका क्रांतिकारकाला आसरा दिला. आपण बोटाच्या दिशेने बघतो. तिथे गाड्या लावायची मोकळी जागा असते. तरी आपण ‘अच्छा, अच्छा’ करत मान डोलावतो. अशा सहलीत डोळ्यांना फारसं काम नसतं. पाय चालतात आणि कान ऐकतात.

फ्लोरिडातल्या टँपा शहराच्या इबोर सिटी या भागात हे फारच जाणवलं. फ्लोरिडा आणि क्यूबन म्हटलं की लोकांना मायामी आठवतं, तिथलं लिटल हवाना आठवतं. इबोर सिटी त्याच्या किती तरी आधीची. १८८६ साली इथे सिगारचे कारखाने सुरू झाले आणि क्यूबन कामगार बोटी भरभरून आले, तेव्हा ज्याच्या धाकाने पुढे मायामी भरली तो कास्त्रो जन्मालाही यायचा होता. माझा मावसभाऊ टँपात कित्येक वर्षं राहतो. त्याच्या लेखी इबोर म्हणजे शनिवारी रात्री मित्रांबरोबर बसायची जागा. “ताई, सकाळी तिथे काय असणार? कोंबड्या!” तो म्हणाला.

कोंबड्या होत्याच. सातव्या अव्हेन्यूच्या विटांच्या फुटपाथवरून त्या अगदी मालकिणींसारख्या फिरत होत्या. कामगारांच्या परसातल्या कोंबड्यांचे हे वंशज. शहराच्या नियमाप्रमाणे त्यांना कुणी हात लावायचा नाही. आमची वाटाडी साठीच्या आसपासची, वेताची टोपी घातलेली बाई. तिची आजी कारखान्यात तंबाखूच्या पानांचे देठ काढायची. एक कोंबडा मध्येच आरवला तर ती बोलायची थांबे आणि त्याचं झालं की पुढे सुरू करी.

गावाची सुरुवात पेरूपासून झाली, असं तिने सांगितलं. गाविनो गुतिएरेस नावाचा न्यूयॉर्कचा एक व्यापारी रानपेरू शोधत टँपाला आला. पेरू काही मिळाले नाहीत, पण बंदर दिसलं, नुकतीच आलेली रेल्वे दिसली, आणि तंबाखूचं पान मऊ ठेवणारी दमट हवा तर होतीच. त्याने आपल्या सिगारवाल्या मित्रांना कळवलं. त्यातला एक विसेंते मार्तिनेस इबोर. जन्माने स्पॅनिश, धंदा क्यूबात. तिथे स्वातंत्र्याचं युद्ध पेटल्यावर १८६९ मध्ये तो फ्लोरिडाच्या की वेस्ट बेटावर पळून आला होता, आणि तिथल्या संपांना कंटाळला होता. त्याने १८८५ मध्ये टँपाजवळ चाळीस एकर जागा घेतली आणि कारखान्याबरोबर कामगारांची घरंही बांधायला काढली. हवानाहून पान आणायचं आणि सिगार अमेरिकेत वळायची, म्हणजे तयार मालावरचा जबर आयातकर चुकतो, हा त्यातला खरा हिशेब. पेरूची गोष्ट जास्त गोड आहे, म्हणून ती आधी सांगतात.

जुन्या फेर्लिता बेकरीत आता संग्रहालय आहे. शेजारी कामगारांची तीन लाकडी घरं जतन करून ठेवली आहेत. लांबट, अरुंद, खोलीमागे खोली, पुढे ओटा. ती कामगारांना हप्त्याने विकली जात. घर घेतलेला माणूस संप करून दुसऱ्या गावी जाणार नाही, असा मालकाचा कयास असावा. तो सपशेल चुकला. इबोरमध्ये संपांची रांग लागली. एका घराच्या दाराशी वाटाडीने चौकटीवर बोट ठेवलं. “इथे खिळा असायचा. पाववाला पहाटे येऊन हातभर लांब क्यूबन पाव त्या खिळ्याला टोचून जायचा.” तो पाव भाजताना वरून ताडाच्या जातीच्या झुडपाचं ओलं पान ठेवतात, त्याने पाव मधोमध नीट उकलतो. ला सेगुंदा बेकरी १९१५ पासून आजही तसाच पाव करते. खिळा मला दिसला नाही, पण मी तो पाहिला असंच मला आता वाटतं. हेच ते कानांनी पाहणं.

मग आम्ही इबोरच्या कारखान्यासमोर आलो. लाल विटांची, तीन मजली, भरपूर खिडक्यांची इमारत. उजेड हवा, कारण पानाचा रंग ओळखायचा असतो. आत शेकडो माणसं बाकांवर रांगेत बसून दिवसभर सिगार वळायची. हातात चावेता नावाची बिनदांड्याची वाकडी सुरी, समोर पानं. यंत्र एकही नाही. म्हणजे आवाज नाही. आणि आवाज नाही म्हणून तिथे वाचता यायचं.

माझ्यासाठी ही सहल खरी इथे सुरू झाली. कारखान्याच्या मधोमध एक उंच मचाण असे. त्यावर एक माणूस, कडक कपड्यांत, मोठमोठ्याने वाचत बसलेला. त्याला लेक्तोर म्हणायचे. सकाळी वर्तमानपत्रं, इंग्रजी असेल तर तिथल्या तिथे स्पॅनिश करून. मग कामगार चळवळीच्या बातम्या, लेख. दुपारी कादंबरी, रोज थोडी थोडी. सेर्व्हान्तेस, ह्यूगो, झोला ही या बाकांवरची आवडती नावं. प्रथा हवानाची, तिथल्या कारखान्यांत ती १८६५ मध्ये सुरू झाली आणि स्पॅनिश सरकारने वर्षभरात तिच्यावर बंदीही घातली, यावरून ती किती परिणामकारक होती ते कळावं. अक्षरओळख नसलेला कामगार झोलाच्या पात्रांवरून कडाकडा भांडायचा, असं वाटाडी म्हणाली. आवडलं की सगळे चावेत्याने बाकावर टकटक करायचे. तेच टाळ्या.

लेक्तोरचा पगार मालक देत नसे. प्रत्येक कामगार आठवड्याला साधारण पाव डॉलर आपल्या खिशातून द्यायचा. लेक्तोर निवडायचेही कामगारच. उमेदवाराने मचाणावर चढून वाचून दाखवायचं. आवाज शेवटच्या बाकापर्यंत पोचतो का, संवाद रंगवता येतात का, हे पाहून मतदान. पुढची कादंबरी कोणती, यावरही मतदान. शेकडो पाव डॉलर जमत असल्यामुळे चांगल्या लेक्तोरची कमाई सिगार वळणाऱ्यापेक्षा जास्त असे. पुस्तक मोठ्याने वाचून माणूस चांगलं पोट भरू शकतो असा एखादा काळ आणि एखादं गाव होतं, हे ऐकून मला तिथेच अर्ज करावासा वाटला.

आजोळी श्रावणात पोथी लागायची तेव्हा ऐकणाऱ्या बायकांच्या हातात कापूस असे. अध्याय संपेपर्यंत वातींचा ढीग झालेला असे. हाताला काम, कानाला कथा, तशीच ही मंडळी. फरक एवढाच, की पोथी कुठली लावायची हे त्या बायकांना कधी कुणी विचारलं नव्हतं.

लेक्तोर बहुतेक पुरुषच. पण लुइसा कापेतिल्यो नावाची पोर्तो रिकोची एक बाई इथे वाचायची. कामगार संघटना बांधणारी, स्त्रियांच्या हक्कांवर लिहिणारी. १९१५ मध्ये हवानात ती पँट घालून रस्त्यावर फिरली म्हणून तिला अटक झाली होती. पँट घातलेली बाई मचाणावर बसून चारशे पुरुषांना वाचून दाखवते आहे, हे चित्र डोळ्यांपुढे आणायला मी जरा मागे रेंगाळले, आणि भावाने हाक मारली, “ताई, चल की, ऊन काय लागतंय!”

कारखान्याच्या लोखंडी पायऱ्या तशाच आहेत. होसे मार्ती इथे कामगारांबरोबर उभा राहिलेला फोटो प्रसिद्ध आहे. कवी, पत्रकार, आणि क्यूबाच्या स्वातंत्र्याचा सूत्रधार. १८९१ च्या नोव्हेंबरात तो टँपाला आला आणि त्याने लागोपाठ दोन भाषणं केली. ती क्यूबात आजही मुलांना शिकवतात. आमची वाटाडी म्हणाली, “त्याला इथे समजावून सांगावं लागलं नाही. हे लोक रोज राजकारण ऐकत होते.” सिगार वळणाऱ्यांनी मजुरीतला वाटा क्रांतीसाठी द्यायला सुरुवात केली. १८९५ च्या उठावाचा हुकूम सिगारमध्ये गुंडाळून क्यूबाला पाठवला, ही गोष्ट टँपात फार अभिमानाने सांगतात. त्याच वर्षी मे महिन्यात मार्ती लढाईत मारला गेला.

समोरच्या छोट्याशा बागेत त्याचा पांढरा संगमरवरी पुतळा आहे. इथे पाउलिना पेद्रोसो आणि तिचा नवरा रुपेर्तो यांचं घर होतं. (पुन्हा ‘होतं’!) मार्तीवर विषप्रयोग झाला तेव्हा या कृष्णवर्णीय जोडप्याने त्याला घरी ठेवून घेतलं, रुपेर्तो रात्री त्याच्या दाराबाहेर आडवा पडून राखण करायचा. ही जागा १९५६ पासून क्यूबा सरकारच्या मालकीची आहे. दोन्ही देशांचं एकमेकांचं तोंड न बघण्याइतकं बिनसलं, क्रांती झाली, व्यापारबंदी झाली, १९६२ पासून हवानाचं तंबाखूचं पान यायचं बंद झालं. पण टँपातला हा तुकडा क्यूबाचाच राहिला. आत क्यूबाच्या सगळ्या प्रांतांतली माती आहे. व्हिसाशिवाय दुसऱ्या देशात पाऊल ठेवायची अशी संधी मला पुन्हा मिळायची नाही, म्हणून मी फाटकातून दोनदा आत-बाहेर केलं. भावाने ओळख नसल्यासारखं केलं.

पाउलिनाच्या गावाने पुढे काय केलं, तेही वाटाडीने लपवलं नाही, हे तिचं मोठेपण. स्वातंत्र्य मिळालं, आणि इकडे अमेरिकेच्या दक्षिणेतल्या वर्णभेदाच्या कायद्यांनी क्यूबन लोकांत फूट पाडली. एकाच बाकावर सिगार वळणाऱ्यांचा क्लब मात्र एक राहिला नाही. गोऱ्यांचा सिर्कुलो कुबानो, काळ्यांचा मार्ती-मासेओ. १९१७ ची सिर्कुलोची पिवळ्या विटांची देखणी इमारत आज उभी आहे. मार्ती-मासेओची जुनी वास्तू साठच्या दशकात ‘नागरी नूतनीकरणा’त पाडली गेली. त्याच सुमारास महामार्ग वस्तीच्या मधून गेला आणि घरांच्या रांगाच्या रांगा भुईसपाट झाल्या. आम्ही अच्छा-अच्छा करत ज्या मोकळ्या जागा बघत होतो, त्यातल्या कित्येक तेव्हाच्या.

हे क्लब म्हणजे नुसता पत्ते कुटायचा अड्डा नव्हे. आठवड्याची वर्गणी भरली की डॉक्टर, औषध, इस्पितळ, नाचाचा हॉल, नाटक आणि शेवटी स्मशानातली जागासुद्धा. स्पॅनिश लोकांचा वेगळा, स्पेनच्याच अस्तुरिया भागातून आलेल्यांचा वेगळा, सिसिलीहून आलेल्या इटालियनांचा वेगळा. आमच्या घोळक्यातले एक अमेरिकन गृहस्थ, इतका वेळ गप्प होते, ते एकदम म्हणाले, “माझ्या विम्यापेक्षा हे बरं दिसतंय.” सकाळभरात सगळ्यात मोठा हशा याला.

लेक्तोरचा शेवट १९३१ चा. मंदी आलेली, कामगार लाल बावट्याकडे झुकलेले. हे सगळं त्या मचाणावरून पसरतं, असं मालकांनी ठरवलं आणि नोव्हेंबरात वाचन बंद केलं. कामगारांनी संप केला, तो मोडला. परत आले तेव्हा मचाण काढलेलं होतं आणि त्याच्या जागी रेडिओ लागला होता. रेडिओचा पैसा मालकाचा, लावायचं काय तेही त्याच्याच हाती, आणि संगीताला कुणाचा आक्षेप असणार? माझ्या मते ही फार हुशार चाल होती. नुसती शांतता कामगारांना सहन झाली नसती. गाणी सहन झाली.

एका लेक्तोरने मात्र मचाण जायच्या आधीच दुसरी सोय करून ठेवली होती. विक्तोरियानो मान्तेइगा याने १९२२ मध्ये ‘ला गासेता’ नावाचं वर्तमानपत्र काढलं. ते अजून निघतं, इंग्रजी, स्पॅनिश आणि इटालियन अशा तिन्ही भाषांत. खुद्द क्यूबाच्या कारखान्यांत तर लेक्तोर आजही वाचतात.

सहल संपली ती सँडविचच्या दुकानासमोर, आणि तिथे वाटाडीचा सगळा समतोल सुटला. टँपाच्या क्यूबन सँडविचमध्ये सलामी असते, कारण शेजारी इटालियन राहायचे. मायामीवाले म्हणतात सलामी घातली की ते क्यूबन नाही. यावर टँपाच्या नगर परिषदेने २०१२ मध्ये रीतसर ठराव करून आपलं सँडविच शहराचं मानाचं सँडविच म्हणून जाहीर केलं. आम्ही दोघं शाकाहारी, या वादात तटस्थ. आम्ही पेरूच्या गराचं पेस्ट्रीसारखं काहीतरी खाल्लं आणि दुधाची कॉफी घेतली. पेरू शेवटी मिळाले म्हणायचे.

कॉफी घेता घेता मी वाटाडीला विचारलं, “कुठली गोष्ट सांगायची, कुठली नाही, हे कोण ठरवतं?”

“निम्म्या कंपनीने लिहून दिल्या आहेत.”

“आणि निम्म्या?”

“तुमच्या चेहऱ्यांवर असतं. लेक्तोर आला की लोक फोन बघायला लागतात. आज तुम्ही बघितलं नाहीत, म्हणून लांबवलं.” मग ती हसून म्हणाली, “खरी गर्दी रात्रीच्या सहलीला. भुतांची असते. आठवडाभर आधी तिकिटं संपतात.”

इतका वेळ उन्हाला शिव्या घालणारा माझा भाऊ कॉफी खाली ठेवून पुढे सरसावला. “उद्याची आहेत का दोन?”