रूळ ओलांडणारा माणूस

पडद्यावर रिकामे रूळ. कॅमेरा ढिम्म. कंटाळून मी मोबाईलकडे हात नेला, तेवढ्यात उजवीकडून एक माणूस धावत आला नि रूळ ओलांडून गेला. पाठोपाठ धडधडत गाडी!

"अगं बाई, मेला असता की!" आई मागून ओरडली. तोवर ती मेथी निवडत होती, एकदाही वर बघितलं नव्हतं.

जर्मन दिग्दर्शक विम वेंडर्सची म्युनिकच्या फिल्म स्कूलमधली शॉर्ट फिल्म, 'सिल्व्हर सिटी'. शहराचे लांबलचक, स्थिर शॉट्स. पठ्ठ्याला व्हायचं होतं चित्रकार, गोष्टबिष्ट सांगायचीच नव्हती. त्या एका माणसाने घोळ केला: तो धावला नि गोष्ट सुरू झाली.

त्याच्याच 1984च्या 'पॅरिस, टेक्सास' सिनेमामध्येही सुरुवातीला वाळवंटातून एक माणूस चालत येतो. कोण, कुठला, काही पत्ता नाही.

मेथी संपली. आई अजून विचारतेय, "पण तो पळत का होता रे?"