कूपरस्टाउनच्या भिंतीवरचे दोन जास्तीचे हिट

अमेरिकेतल्या कूपरस्टाउनच्या बेसबॉल संग्रहालयात टाय कॉब या जुन्या खेळाडूच्या पाटीवर ४१९१ हिट हा आकडा आहे, आणि तो दोनने जास्त आहे. (हिट म्हणजे चेंडू मारून निदान पहिल्या बेसवर, म्हणजे पहिल्या टप्प्यावर, सुखरूप पोचणं.) ब्राँझमध्ये ओतलेला आकडा, ज्याच्यासमोर उभं राहून लोक लेकरांचे फोटो काढतात. माझं अख्खं आयुष्य बँकेच्या खातेवह्या जुळवण्यात गेलं. दिवसाअखेरीस दोन रुपयांचा फरक निघाला म्हणून रात्री आठपर्यंत सगळ्या शाखेला बसवून ठेवणारे अधिकारी मी पाहिलेत. त्यामुळे या दोन हिटनी माझ्या प्रवासाचं जे केलं, ते नायगारालाही जमलं नाही.

मुळात आमचं ठरलं होतं नायगाराला जायचं. पण नातू यंदा बेसबॉलच्या टीममध्ये आहे, आणि न्यू जर्सीहून जाताना कूपरस्टाउन ‘जवळजवळ वाटेतच’ आहे असं त्याने बापाच्या गळी उतरवलं. ते वाटेत अजिबात नाही. गाडीत मागच्या सीटवर तो पाढे म्हणावेत तसा आकडे म्हणत होता. बॅरी बॉण्ड्स, होमरन (आपल्या षटकाराचा भाऊ) ७६२. हँक आरन ७५५. साय यंग, पिचर म्हणजे गोलंदाज म्हणून जिंकलेले सामने ५११. नोलन रायन, बाद केलेले बॅटर ५७१४. रिकी हेंडरसन, चोरलेले बेस १४०६. कॅल रिपकन, एकही दिवस सुट्टी न घेता सलग सामने २६३२. हा शेवटचा माणूस मात्र मला तिथेच आवडला.

कूपरस्टाउन म्हणजे तळ्याकाठचं दोन हजार वस्तीचंसुद्धा नसलेलं गाव. मुख्य रस्त्यावर बघावं तिकडे बॅट, टोप्या आणि खेळाडूंची जुनी कार्डं. किराणा कुठे मिळतो हे मला शेवटपर्यंत कळलं नाही. गाव सुंदर आहे, कुंड्यांतली फुलं सुंदर आहेत, पण बेसबॉलचं देवस्थान याच गावात का, याचं उत्तर गमतीचं आहे. १९०७ साली एका समितीने जाहीर केलं की ॲबनर डबलडे नावाच्या माणसाने १८३९ मध्ये इथे बेसबॉल शोधून काढला. त्या वर्षी हा गृहस्थ वेस्ट पॉइंटच्या लष्करी अकादमीत शिकत होता. इतिहासकारांनी ती कथा केव्हाच मोडीत काढली, पण तोवर संग्रहालय उभं राहिलं होतं, १९३९ साली. पुढे जे दिसलं ते पाहता मला याचं फार आश्चर्य वाटायला नको होतं.

मुक्कामाबद्दल एकच सांगते. उन्हाळ्यात इथे मुलांच्या स्पर्धा असतात, सगळ्या अमेरिकेतून टीम येतात, आणि खोल्यांचे भाव असे की त्या पैशात महाबळेश्वरला जावयासकट आठवडा काढला असता. नाश्त्याला गार मफिन. स्वतःचा चहा-साखरेचा डबा सोबत नेणारी माणसं मला आवडतात, त्यांनी तो इथे न्यावाच.

तर ती पाटी. खालच्या मजल्यावर एक मोठं दालन आहे, तिथे निवडलेल्या खेळाडूंच्या ब्राँझच्या पाट्या ओळीने लावल्यात: चेहरा, नाव, खाली चार ओळी. लोक तिथे आपोआप हळू बोलतात. १९३६ साली निवडलेले पहिले पाच जण म्हणजे कॉब, बेब रूथ, होनस वॅग्नर, क्रिस्टी मॅथ्युसन आणि वॉल्टर जॉन्सन. नातू कॉबपाशी थांबला आणि वाचायला लागला: बारा वेळा लीगमध्ये बॅटिंगला पहिला, निवृत्त झाला तेव्हा ४१९१ हिट. जावई मोबाइलमध्ये बघत म्हणाले, “आई, इथे तर ४१८९ दिलंय.”

झालं. माझे पाय तिथेच रोवले.

गळ्यात बिल्ला घातलेले एक आजोबा जवळ उभे होते, त्यांना विचारलं. ते हसले. हा प्रश्न त्यांना नवा नव्हता. पाटी त्या काळच्या माहितीनुसार असते, म्हणाले. उत्तर सभ्य होतं, आणि मला अजिबात पटलं नाही. कारण याच भिंतीवर रॉबर्टो क्लेमेंटेच्या पाटीवर आईचं आडनाव चुकीच्या जागी पडलं होतं, ती पाटी २००० साली नवी ओतली. जॅकी रॉबिन्सनच्या जुन्या पाटीवर, काळ्या खेळाडूंना बंद असलेलं दार त्याने उघडलं याचा उल्लेखच नव्हता, ती २००८ मध्ये बदलली. म्हणजे पाटी बदलता येते. बदलायची कोणाची, एवढाच प्रश्न.

रात्री जावई आणि मी मोटेलच्या पायरीवर बसून या दोन हिटचा माग काढला. मुलगी आत वैतागली होती. गोष्ट आहे १९१० ची. चॅल्मर्स नावाच्या मोटार कंपनीने जाहीर केलं की ज्याची बॅटिंगची सरासरी (दर संधीमागे हिट किती) सगळ्यात जास्त, त्याला गाडी. टाय कॉब पुढे होता, म्हणून शेवटचे दोन सामने तो खेळलाच नाही. सरासरी सांभाळत बसला. मागे होता क्लीव्हलंडचा नॅप लाजोए. त्याचे शेवटचे दोन सामने एकाच दिवशी सेंट लुईसला, आणि तिथल्या संघाला कॉब डोळ्यांसमोर नको होता. त्यांच्या मॅनेजरने तिसऱ्या बेसवरच्या नवख्या पोराला मुद्दाम लांब मागे उभं केलं. लाजोए आपला चेंडू हळूच पुढ्यात टाकायचा आणि आरामात पहिल्या बेसवर जाऊन उभा राहायचा. दिवसभरात आठ हिट! मॅनेजरची नोकरी गेली. लीगच्या अध्यक्षाने आकडेमोड करून सांगितलं, तरीही कॉबच केसभर पुढे. कंपनीने शहाणपणाने दोघांनाही गाड्या देऊन टाकल्या.

आणि ती आकडेमोडच चुकलेली होती. कॉबचा एक सामना, त्यातल्या दोन हिटसकट, वहीत दोनदा चढला होता. बँकेत याला काय म्हणतात ते सांगायला नको. ही दुबार नोंद उघडकीला आली १९८१ साली, सत्तर वर्षांनी. ती काढली तर १९१० ला लाजोए पहिला. बेसबॉलच्या आयुक्तांनी पुरावा पाहिला आणि निकाल बदलायला नकार दिला. आजही कोणी कॉबची सरासरी .३६७ धरतं, कोणी .३६६. दोन्ही बाजूंची माणसं शहाणी, सुशिक्षित आणि पगारी.

यातली खरी मजा दुसऱ्या दिवशी तिसऱ्या मजल्यावर, विक्रमांच्या दालनात कळली. सिनसिनाटीच्या पीट रोझने ११ सप्टेंबर १९८५ ला घरच्या मैदानावर ४१९२ वा हिट मारून कॉबला मागे टाकलं. लोक कितीतरी मिनिटं उभे राहून टाळ्या वाजवत होते, संघाच्या मालकिणीने लाल कॉर्व्हेट मैदानात आणून दिली. (या खेळात जिथे हिशोबाचा घोळ, तिथे मोटार!) पण कॉबचे हिट ४१८९ असतील, तर रोझने विक्रम तीन दिवस आधीच, ८ तारखेला शिकागोत मोडला होता. त्या दिवशी त्याचे दोन हिट झाले, ४१९० आणि ४१९१, आणि शिकागोच्या प्रेक्षकांनी इतिहास डोळ्यांनी पाहिला तो बरोबरीचा समजून. त्यांना गाडीही दिसली नाही.

रोझने पुढे ४२५६ हिट मारले. आजही एवढे कोणाचे नाहीत. पण पाट्यांच्या दालनात तो नाही. सट्टा लावल्याबद्दल १९८९ मध्ये त्याला खेळातून कायमचं बाहेर काढलं. २०२४ च्या सप्टेंबरात तो वारला, आणि मे २०२५ मध्ये आयुक्तांनी सांगितलं की मेलेल्या माणसावर बंदी चालू ठेवण्यात अर्थ नाही. माणूस बाहेर आणि आकडा आत, हे मला तरी समजतं. खातं गोठवता येतं, शिल्लक पुसता येत नाही. बॉण्ड्सचंही तसंच, त्याच्यावर औषधांचा संशय. आरनला मागे टाकणाऱ्या त्याच्या ७५६ व्या होमरनचा चेंडू एका फॅशनवाल्याने साडेसात लाख डॉलरला विकत घेतला, लोकांचं ऑनलाइन मत घेऊन त्यावर संशयाची तारांकनाची खूण (*) कोरली आणि संग्रहालयाला देऊन टाकला. नातवाला ही गोष्ट सगळ्यात जास्त आवडली. मला त्या माणसाचा राग आला. शेरा मारायचा तर वहीत मारावा, चेंडूवर नाही.

पुन्हा खाली आलो ते जॉश गिब्सनला शोधायला. २०२४ मध्ये काळ्या खेळाडूंच्या वेगळ्या, जुन्या निग्रो लीगचे आकडे मेजर लीगच्या, म्हणजे अमेरिकेतल्या सर्वोच्च बेसबॉलच्या, आकड्यांत धरले गेले, आणि कारकिर्दीच्या सरासरीत कॉब दुसरा झाला. पहिला गिब्सन, .३७२. हा माणूस गोऱ्यांच्या मेजर लीगमध्ये एकही सामना खेळला नाही, कारण त्याचा रंग काळा. जानेवारी १९४७ मध्ये पस्तिसाव्या वर्षी गेला, आणि तीनच महिन्यांनी रॉबिन्सन मैदानात उतरला.

त्याच्या पाटीवर लिहिलंय, ‘जवळजवळ ८०० होमरन’.

जवळजवळ! खातेवहीत हा शब्द कोणी लिहिला असता तर मी लाल शाईने गोल केला असता. इथे मात्र बराच वेळ बघत राहिले. गावोगावी बसने हिंडून खेळलेले सामने, अर्ध्यांचे स्कोअर कुठे छापलेच नाहीत, जे छापले ते काळ्या वस्तीतल्या वर्तमानपत्रांत. संशोधकांनी ती पानं चाळून एकेक सामना गोळा केला, तेव्हा कुठे ते .३७२ तयार झालं. मला आमच्या पुण्याचे दलित क्रिकेटपटू, गोलंदाज पालवणकर बाळू आठवले. १९११ च्या इंग्लंड दौऱ्यातले त्यांचे ११४ बळी नोंदलेले आहेत, कारण तिकडे स्कोअरबुक होतं. पण त्याआधी पुण्यात गोऱ्यांच्या क्लबात नेटमध्ये वर्षानुवर्षं जी गोलंदाजी केली, तिचा हिशोब कोण ठेवणार? ज्यांना चहा वेगळ्या कपात, त्यांची वही कुठली. ‘जवळजवळ’ लिहिणाऱ्याने निदान आपल्याकडे नोंद नाही हे कबूल केलं. ४१९१ लिहिणाऱ्यांकडे नोंद होती, एक जास्तच होती.

नातू शाळेसाठी विक्रमांची वही करतोय. कॉबपुढे काय लिहू, म्हणाला. मी म्हटलं, दोन्ही लिही आणि कंसात कारण लिही. त्याची आई म्हणाली, बाई मार्क कापतील. कापू देत.

या सगळ्यात निघायला दुपार झाली आणि नायगाराला पोचेपर्यंत अंधार. धबधबा रंगीत दिव्यांत पाहिला, गर्दी भयंकर होती, आणि त्याच्याबद्दल सगळेच लिहितात.