खांदशेकणीच्या रात्री

वयानं मोठ्या माणसानं आपल्या पायावर डोकं ठेवलं की आपलं काहीतरी वजा होतं, असं आजी म्हणायची. आयुष्य की पुण्य, ते तिनं सांगितलं नाही आणि मीही कधी विचारलं नाही. आज दुपारपासून तेच डोक्यात घोळतंय. जेवण गेलं नाही. तब्येत बरी नाही का, म्हणून दादानं विचारलं. हो म्हटलं. दुसरं काय सांगणार.

आबाजी आले तेव्हा माझ्या सेंटरवर, म्हणजे गावातली सरकारी ऑनलाइन कामं मी करते तिथं, कोणी नव्हतं. पोळ्याच्या आदल्या दिवशी बाया सारवण-पोतेऱ्यात आणि माणसं बैल धुवायला नाल्यावर. ते एकटेच. हातात पन्नी, पन्नीत आधार कार्ड, पासबुक आणि तलाठ्याच्या यादीतला विशिष्ट क्रमांक कोणीतरी पेनानं लिहून दिलेला. अतिवृष्टीचं अनुदान. केवायसी, म्हणजे आधारवरून ओळख पटवणं, झाल्याशिवाय ते त्यांच्या खात्यात पडणार नव्हतं. तालुक्याला एका ठिकाणाहून त्यांना परत पाठवलं होतं. "अंगठा लागत नाही म्हंते माय. आता म्या दुसरा अंगठा कुठून आनू?"

क्रमांक टाकला. नाव, गट नंबर, क्षेत्र सगळं बरोबर आलं. दोन एकर. आमची ही खारपाणपट्ट्यातली काळी जमीन, पाऊस लागून राहिला की पाणी निघतच नाही, मूग तर उभ्यानं सडतो. त्या यादीला कोरडवाहूचा हेक्टरी 8,500 रुपयांचा दर होता, म्हणजे आबाजींच्या हातात येणार सात हजारांच्या आतच. ओटीपी मागवावा तर आधारला नंबर मुलाचा जोडलेला. तो नंबर आता बंद आहे. त्यावर मी काही विचारलं नाही. तेही काही बोलले नाहीत.

मग अंगठाच उरला. काचेवर ठेवला की लाल उजेड यायचा आणि पडद्यावर 'जुळत नाही'. त्यांचा हात हातात घेऊन पाहिला. बोटांची टोकं नुसती गुळगुळीत. वर्षानुवर्षं निंदण, पऱ्हाट्या उपटणं, कापूस वेचताना बोंडाची टोकं लागलेली. रेषा जवळजवळ पुसूनच गेल्यात, आणि त्यांच्या जागी आडव्या भेगा, भेगांत न निघणारी काळी माती. मशीनला रेषा लागते. भेग चालत नाही. ओल्या फडक्यानं पुसलं, कोरडं केलं, एकेक बोट दाबून धरत गेले. डाव्या हाताची करंगळी लागली. कामात सगळ्यात कमी घासली गेली असेल तीच.

पावती निघाली. आबाजींनी ती दोन्ही हातांनी घेतली, कपाळाला लावली, घडी करून पन्नीत ठेवली. मग टेबलाला वळसा घालून माझ्या बाजूला आले. मला वाटलं, पडद्यावर काही पाहायचं असेल. ते वाकले. टोपी माझ्या चपलेवर पडली. "आबाजी, काय करून रायले!" म्हणत मी खांदे धरले, तोवर त्यांचं कपाळ टेकलं होतं. "राहू दे माय, देव भेटला आज," म्हणाले, टोपी झटकून डोक्यावर घातली आणि गेले.

मी काय केलं होतं? करंगळी काचेवर दाबून धरली. जमीन त्यांची, सडलेलं पीक त्यांचं, पैसे त्यांच्या नावावर मंजूर झालेले. त्यांचंच त्यांना मिळण्यासाठी ते माझ्या पायाशी आले. हे मला सहन होत नाही.

तसं वाकणं आमच्याकडे काही नवं नाही. वहीला पाय लागला की हात कपाळाला जातो. सकाळी कॉम्प्युटर सुरू करायच्या आधी मीही उदबत्ती ओवाळते. दिवेलागणीनंतर आई झाडू उंबऱ्याबाहेर जाऊ देत नाही, लक्ष्मीपूजनाला त्याच झाडूला हळदकुंकू वाहते. बाबा पेरणीच्या दिवशी तिफणीच्या पाया पडायचे. शेवटच्या वर्षी तर त्यांना वाकता येत नव्हतं, तरी... असो. यातल्या कोणत्याच वाकण्याचं मला कधी ओझं वाटलं नाही. मग आजच्याचंच का? बसून विचार केला तेव्हा एवढं कळलं की झाडूला, तिफणीला वाकणाऱ्याच्या मनात धाक नसतो. आबाजींच्या मनात होता. हेही मशीन नाही म्हणेल, ही पोरगीही परत पाठवेल, हा धाक घेऊन ते पायरी चढले होते. तो सुटला आणि त्याच्या बदल्यात त्यांनी माथा टेकवला. माणसाला आधी इतकं हेलपाटायचं की त्याला साधी करंगळी जुळण्यातही देव दिसावा. याचा मला राग येतो, आणि तो राग कोणावर काढायचा ते समजत नाही.

वलगाव आमच्यापासून फार लांब नाही. 20 डिसेंबर 1956 ला अमरावतीच्या वाटेवर तिथंच, पेढी नदीजवळ, गाडगेबाबांनी देह ठेवला. ते कोणाला पाया पडू देत नसत हे इथं पोराटोरांनाही माहीत आहे. गावात शिरले की आधी खराटा हाती घ्यायचे. कोणाच्या घरची भाकरी घ्यायची तर आधी लाकडं फोडून द्यायची, अंगण झाडून द्यायचं. मी लहानपणापासून हे त्यांचं मोठेपण म्हणून ऐकलं. आज वाटतं, त्यांना ते वाकणं पाहवतच नसेल. समोरचा कशानं वाकलाय हे त्यांना दिसत असेल.

संध्याकाळी दादानं बैलांचे खांदे शेकले. कोमट तूप, हळद, हलक्या हातानं. जुवानं घट्टा पडलेला असतो तिथंच, दुसरीकडे नाही. तूप लावून झालं की कानाशी तोंड नेऊन म्हणायचं, "आज आवतन घ्या, उद्या जेवाले या." दादा हे म्हणताना लहान मुलासारखा होतो. मी दिवा धरून उभी होते आणि अचानक रडू आलं. जिथं घासलं गेलं तिथंच तूप लावतात. आबाजींच्या बोटांना कोणी लावलं? आणि खरं सांगायचं तर त्यात माझंही रडू होतं. सकाळी आठपासून त्या खुर्चीत बसते. घरात ‘बसूनच तर असते’ हे मी ऐकलेलं आहे. कोणाचा दाखला, कोणाचा विमा, कोणाचा उतारा. बरं केलंस म्हणून एक शब्द नाही. आणि मिळालं तेव्हा हे असं मिळालं, न मागितलेलं, न पेलणारं.

आईनं बघितलं. सगळं सांगितलं तिला. ती तुपाची वाटी पुसत म्हणाली, "तुह्या कायले पडन वं तो? त्याच्या चकरा सरल्या, त्या चकरायच्या पाया पडला तो. तू मधात बसली होती म्हनून तुह्यावर टेकला." मग वाटीतलं उरलेलं तूप तिनं माझ्या हातावर चोळलं. माऊस धरून मनगट दुखतं हे मी तिला सांगितल्याचं मला आठवत नाही.

त्यानं बरंच हलकं वाटलं. तरी प्रश्न राहिलाच, कारण आबाजी शेवटचे नाहीत. यादीत अजून कितीतरी नावं आहेत आणि त्यातल्या बहुतेकांची बोटं तशीच.

पोळ्यानंतर पाचव्या दिवशी ऋषिपंचमी. गजानन महाराजांनी 1910 साली त्याच तिथीला समाधी घेतली, तेव्हा आईला दरवर्षीप्रमाणे शेगावला न्यायचं आहे. मला तिथले सेवाधारी आठवले. कोणी शेतकरी, कोणी नोकरदार, बिनपगारी सेवेला आलेले. तुम्ही दोन पावलांवर असता तेव्हाच त्यांचे हात जोडलेले असतात, "माउली, इकडून चला." समोरून हात जोडून कोणी उभं असलं की आपण वाकत नाही, आपलेही हात जुळतात. दोघंही उभे राहतात.

तर पावती द्यायची वेळ आली की मी उठून उभी राहणार आणि आधी माझे हात जोडणार. म्हातारं माणूस टेबलाला वळसा घालायच्या आधीच. फक्त तिथं उठायला जागा नाही, मागं भिंत आणि बाजूला प्रिंटर. प्रिंटर खिडकीखाली न्यावा लागेल, वायर पुरणार नाही. उद्या पोळा आहे, दादाला वेळ होणार नाही. परवा सांगते त्याला, लांब वायर घेऊन ये म्हणून.