वेस्टफील्डच्या पाळकाची वही

अमेरिकेतील वेस्टफील्डचे पाळक, म्हणजे चर्चचे धर्मगुरू, आणि कवी असलेल्या एडवर्ड टेलर यांच्या कवितेत मी गुंतलो तो एका शब्दामुळे, आणि तो शब्द आहे 'ओकारी'. विवाह आणि मुलांचे मृत्यू या विषयावरील त्यांच्या कवितेत विवाह ही देवाने नंदनवनात बांधलेली गाठ आहे, मुले ही तिथे उमललेली फुले आहेत, आणि स्वर्गातून आलेला हात त्यांपैकी काही खुडून नेतो. सतराव्या शतकातील कोणत्याही धर्मोपदेशकाला सुचावे असेच हे रूपक आहे. पण दुसऱ्या अपत्याच्या मृत्यूपाशी येताच बापाला फुलाचा विसर पडतो आणि सहा आठवड्यांचा ताप, किंकाळ्या, कण्हणे आणि ओकारी थेट ओळींत उतरते. ईश्वरेच्छेचा आधार नसता, तर मनुष्यस्वभावाने देवालाच दोष दिला असता, असेही ते लिहून जातात. शेवटी ते मुले देवाच्या स्वाधीन करतात खरे. मात्र ती शरणागती त्यांना किती जड गेली, हे लपवत नाहीत.

टेलर मूळचे इंग्लंडमधील लेस्टरशरचे, जन्म 1642 च्या सुमाराचा. 1662 च्या कायद्याने राजमान्य चर्चची उपासनापद्धती सक्तीची केली, ती या प्युरिटन, म्हणजे चर्चची अधिक शुद्धी मागणाऱ्या पंथातल्या, तरुणाला मान्य नव्हती. 1668 मध्ये ते मॅसॅच्युसेट्सला आले, 1671 मध्ये हार्वर्डचे पदवीधर झाले आणि त्याच हिवाळ्यात बर्फातून सुमारे शंभर मैल प्रवास करून वेस्टफील्ड या सीमेवरच्या वस्तीत पाळक म्हणून गेले, ते 1729 मध्ये मरेपर्यंत तिथलेच झाले. गावाचे वैद्यही तेच होते. मूळ रहिवासी आणि वसाहतकार यांच्यात 1675 मध्ये पेटलेल्या युद्धामुळे चर्चची रीतसर स्थापना लांबली, ती 1679 मध्ये झाली. पहिल्या पत्नी एलिझाबेथ फिच यांच्यापासून झालेल्या आठ मुलांपैकी पाच लहानपणीच गेली.

1682 पासून 1725 पर्यंत ते प्रभुभोजनाच्या, म्हणजे येशूच्या शेवटच्या भोजनाची आठवण म्हणून भाकरी आणि द्राक्षारस घेण्याच्या, विधीपूर्वी मनाची तयारी म्हणून कविता लिहीत राहिले. अशा दोनशेहून अधिक कविता आहेत. या विधीला कोणी बसावे यावरून शेजारच्या नॉर्थॅम्प्टनचे पाळक सॉलोमन स्टॉडर्ड यांच्याशी त्यांचा दीर्घ वाद चालला. स्टॉडर्ड दार सैल करू पाहत होते आणि टेलर ते घट्ट धरून होते. वादातले टेलर मला फारसे आवडत नाहीत. पण इतरांना लावलेली कसोटी ते आधी स्वतःला लावत होते, हे या कविता वाचताना मान्य करावे लागते.

त्यांची सर्वांत परिचित कविता मात्र चरखा आणि मागाची आहे. प्रभू, मला तुझा चरखा कर, तुझे वचन लोकर धरणारी काठी होवो, माझा आत्मा सूत गुंडाळण्याचे रीळ होवो, अशी विनवणी करीत ते सूतकताईपासून विणणे, कापड कुटून घट्ट करणे आणि रंगवणे इथपर्यंत येतात. क्रम कुठेही चुकत नाही. हे काम रोज डोळ्यांसमोर चालत असल्याखेरीज असे लिहिता येणार नाही, असे मला वाटते.

या कवितांचे हस्तलिखित टेलर यांचे नातू एझ्रा स्टाइल्स यांच्याकडे गेले. ते पुढे येलचे अध्यक्ष झाले. येलच्या ग्रंथालयातील ती वही थॉमस जॉन्सन यांनी 1937 मध्ये उजेडात आणली. (एमिली डिकिन्सन यांच्या कवितांचे 1955 चे संपादनही याच जॉन्सन यांचे.) कविता कधीही छापू नयेत, अशी टेलर यांची वारसांना ताकीद होती, ही कथा सांगितली जाते. मला ती पटत नाही. त्यांच्या हयातीतच, 1689 मध्ये, बॉस्टनचे धर्मोपदेशक कॉटन मॅदर यांच्या एका पुस्तकात टेलर यांची दोन कडवी छापली गेली होती. ते पुस्तक मुलांच्या अकाली मृत्यूने खचलेल्या आईबापांसाठी होते आणि कडवी त्याच फुलांच्या कवितेतली होती. एलिझाबेथ वारल्या त्या याच वर्षी.