आजीचे चार सेकंद आणि सातवा रकाना

फिल्म सापडायला काहीच त्रास झाला नाही. यूट्यूबवर 1955 च्या गोवा सत्याग्रहाचं जुनं ब्लॅक अँड व्हाईट वृत्तचित्र लावलं होतं, 15 ऑगस्टचं, सत्याग्रही बांद्याहून गोव्याच्या हद्दीवरच्या पत्रादेवीकडे निघालेत, सगळा चिखल, आणि रस्त्याकडेला इरलं घेतलेली एक पोरगी. आजी जेवता जेवता थांबली. "ता चेडू मीच आसंय रे. इरला बापाशीचा." तेव्हा ती 14 वर्षांची. लग्नाआधीचा तिचा एकही फोटो घरात नाही, म्हणून मला तेवढे चार सेकंद चांगल्या प्रतीत हवे होते, बस.

मुंबईतल्या ज्या ऑफिसकडे मूळ रीळ आहे त्यांना मेल केला, फॉर्म लगेच आला. अडलं ते सातव्या रकान्यात. 'चित्रीकरणातील व्यक्तीचे नाव व भूमिका.' मी आजीचं नाव लिहिलं. फॉर्म परत, "यादीत या नावाची व्यक्ती आढळत नाही." कशी आढळणार, यादी केलीय निवेदनावरून, आणि निवेदक पुढाऱ्यांचीच नावं घेतो! फोन केला तर साहेब विचारतात, त्या सत्याग्रही होत्या का? नाही. स्वयंसेविका? नाही. मग तिथे काय करत होत्या? आजीला विचारलं तर म्हणाली, "म्हशी हाडूक गेललंय." हेच साहेबांना सांगितलं, त्यांना वाटलं मी थट्टा करतोय.

त्याच दिवशी पत्रादेवीला पोर्तुगीजांनी गोळीबार केला, सत्याग्रही करनैलसिंग बेनिपाल तिथेच मारले गेले, अशांची नावं यादीत हवीतच, त्याबद्दल वाद नाही. पण म्हशीमागे आलेल्या पोरीला रकानाच नाही म्हणजे काय? पुढे नात्याचा पुरावा मागितला. आधारवर सासरचं आडनाव, फिल्मवर तर कुठलंच नाव नाही, जुळवायचं कशाशी? तीन आठवडे गेले. शेवटी एका मॅडमनी फोनवर सांगितलं, अहो भूमिकेत 'गर्दी' लिहा ना. लिहिलं. दुसऱ्या दिवशी मंजूर. चीड आली आणि हसूही.

हां, तुम्हालाही असा तुकडा मागवायचा असेल तर फॉर्ममध्ये यूट्यूबवरची मिनिटं-सेकंद देऊ नका, तिथे सुरुवातीला दुसरंच काहीतरी जोडलेलं असतं, स्क्रीनशॉट पाठवा आणि आधी-नंतर काय दिसतं ते लिहा. कारणात 'घरगुती वापर' घाला, प्रसारणाचा दर वेगळा. मला कमीत कमी एका मिनिटाचे पैसे लावले, मग मीही पूर्ण मिनिट मागून घेतलं. आणि सुटे फ्रेम मागा, सेकंदाला 24 असतात, म्हणजे चार सेकंदांत 96, त्यातल्या एकात तरी डोळे उघडे सापडतात. आजीचे सापडले एकोणचाळिसाव्यात.

फोटो मोठा करून आणला. आजीने चष्मा लावून आधी मागचा कोपरा बघितला, म्हैस दिसते का ते.