तुम्ही विचारलंत म्हणून: बाल्कनी आत घेऊ का?

गेली वीस वर्षं पुण्यात घरांच्या इंटिरियरची कामं करते आहे. चहा यायच्या आत हा प्रश्न येतोच: "मॅडम, बाल्कनी आत घेतली तर हॉल केवढा वाढेल?" चार फूट, मी सांगते. सांगताना माझा चेहरा पडत असावा, कारण लगेच दुसरा प्रश्न येतो: "बाल्कनी गेल्यानं मनाला खरंच काही होतं का हो?"

आमच्याच घरचं सांगते. मी कॉलेजात असताना बाबांनी बाल्कनी आत घेतली. तिथे आजी गवार मोडत बसायची, खालच्या भाजीवाल्याशी वरूनच घासाघीस करायची. सरकत्या काचा आल्या, ऊन लागतं म्हणून जाड पडदे आले, सोफा-कम-बेड मावला. सगळे खूश. आजी मात्र दिवसातून दहादा विचारू लागली, "किती वाजले गं?" दुपारभर डुलक्या, रात्री टक्क जागी. आम्ही म्हटलं, वय झालं.

वय झालंच होतं. पण डोळ्याच्या पडद्यात काही पेशी मुख्यतः उजेडाचा अंदाज घ्यायला असतात आणि मेंदूतल्या घड्याळाला दिवस-रात्रीची खबर देतात, हे कळलं २००२ साली. बाबांना कुठून ठाऊक असणार! ट्यूबलाइट आपल्याला लख्ख वाटते, पण ढगाळ दुपारीही बाहेरचा उजेड तिच्या कितीतरी पट असतो. आजीचा तो उजेड आम्ही पडद्याआड टाकला होता, आणि भाजीवालाही.

रॉजर उलरिक या संशोधकाचा १९८४ चा अभ्यास मी गिऱ्हाइकांना हमखास ऐकवते. पेनसिल्व्हेनियातल्या एका रुग्णालयात पित्ताशयाची शस्त्रक्रिया झालेले ४६ रुग्ण त्यांनी जोड्या लावून ताडून पाहिले. निम्म्यांच्या खिडकीतून झाडं दिसत, निम्म्यांच्या खिडकीतून विटांची भिंत. झाडंवाले सरासरी पाऊण दिवस आधी घरी गेले आणि त्यांना वेदनेवरची जोरदार औषधं कमी लागली. ४६ म्हणजे काही फार नव्हेत, हे मलाही कळतं. तरी दोन इमारतींमधल्या डक्टकडे, म्हणजे पाइपांसाठी सोडलेल्या अरुंद बोळाकडे, तोंड करून आजारी माणसाचा पलंग मांडताना माझा हात अडखळतो.

म्हणून आत घेऊच नका, असं म्हणत नाही. दोन खोल्यांत सहा माणसं असतील तर चार फूट म्हणजे मुलाच्या अभ्यासाचं टेबल. (परवानगी आणि बाहेर आलेल्या स्लॅबवर पडणारा भार, हे आधी बघायचंच. त्याबद्दल कुणी विचारत नाही.) मग मी एवढंच करते: कडेला भिंत घालत नाही, काच पार खालपर्यंत उघडी ठेवते आणि नकाशात तिथे पहिल्यांदा एक खुर्ची काढते.

"इथे दिवसा कोण बसणार?" मी विचारते. बहुतेक घरांत लोक एकमेकांकडे बघतात. मग आतल्या खोलीतून कुणालातरी हाक मारली जाते.